आकसलेली बोटं

पिंपळगावच्या पुढे जयरामचा टेम्पो उलटला आणि त्याच्या मानेला मार बसला. पाय लुळे पडले, बोटंही लुळी पडली. हातात बळ उरलं ते फक्त दंडात आणि मनगटात. दवाखान्यातून इंदिरानगरला घरी आणल्यावर त्याचं एकच मागणं होतं, स्वतःच्या हाताने खायचं.

मी त्याची बायको. रोज दोन वेळा तेल लावून, मनगट मागे दाबून एकेक बोट ताठ करायचे. बघायला येणाऱ्या बायका वाकडी बोटं पाहून चुकचुकायच्या आणि ते मला झोंबायचं. माझ्या घरात वाकडं काही मला खपत नाही.

दीड महिन्याने व्यायाम घ्यायला पल्लवी मॅडम यायला लागल्या. वय माझ्या धाकट्या बहिणीएवढं. माझी मालिश पाहिली आणि त्यांनी माझा हातच धरला.

"ताई, बोटं ताणू नका. आकसू द्या."

मी उखडले. बोटं वाकडी ठेवायची फी घेता का, असंही बोलून गेले. त्यांनी वाद घातला नाही. माझा हात सैल सोडायला लावला आणि मनगट वर उचललं. माझी बोटं आपसूक मिटली. मनगट खाली सोडताच उघडली. बोटं वाकवणारे मोठे स्नायू म्हणे बोटांत नसतातच, कोपराखाली असतात. त्यांच्या दोऱ्या मनगटावरून बोटांपर्यंत जातात. जयरामच्या स्नायूंत जोर नव्हता, पण दोऱ्या आखूड राहिल्या तर नुसत्या मनगटाने मूठ वळणार होती. आणि त्याच दोऱ्या मी रोज ताणून सैल करत होते. मला स्वतःची भयंकर लाज वाटली.

पुढचे चार महिने मॅडमनी सांगितलं तेवढंच केलं. बोटं आकसत गेली. एक बाई तोंडावर म्हणाली, दुर्लक्ष झालं वाटतं. मी गिळलं.

काल सकाळी जयरामने बशीतल्या टोस्टवर हात ठेवला आणि मनगट उचललं. त्या निर्जीव बोटांनी टोस्ट धरला. चहात बुडवला, दंड फुगला, कोपर वाकलं आणि टोस्ट तोंडात गेला. हा हात ज्याने कुणी बांधला, त्याच्या पाया पडावंसं वाटलं.

सवयीने मी दुसरा टोस्ट त्याच्या तोंडाजवळ नेला. त्याने तोंड उघडलं नाही.

"तो तू खा, राखी. रोज तुझा चहा गार होतो."

साडेपाच महिन्यांनी मी गरम चहा प्यायले.