बजरंगरावांची पंगत

माहितीपटांना जुन्या चित्रफिती शोधून देणं हा नीरजाचा धंदा, आणि धंद्यात तिचं नाव होतं. बुरशी धरलेलं रीळ ती तान्ह्या लेकराचं अंग पुसावं तशी पुसायची. पण नाव राखायला कधीकधी डोळेझाकही करावी लागते, हे ती नारायण पेठेतल्या आपल्या ऑफिसात बसून शिकली होती.

बिबवेवाडीच्या संभाजीने मोठ्या विश्वासाने तिला एक रीळ दिलं होतं, बिबवेवाडी खरोखरीची वाडी होती तेव्हाचं. त्याच्या वडिलांनी, बजरंगरावांनी, जत्रेत सगळ्या गावाला जेवू घातलं होतं आणि खडकीच्या कारखान्यातल्या एका हौशी पाहुण्याने ते टिपलं होतं. यजमान स्वतः उपाशी, पंगतीपुढे वाकून, हात जोडून, "सावकाश होऊ द्या" म्हणत फिरताहेत. रिळाला आवाज नव्हता, पण मराठी माणसाला तो ऐकू येतोच.

मुंबईच्या दिग्दर्शक यज्ञेश्वरला मात्र बहात्तरच्या दुष्काळावरच्या फिल्मसाठी भुकेला माणूस हवा होता, तोही उद्यापर्यंत. "हा हात जोडतोय तो चालेल की," तो म्हणाला. "फक्त त्या पत्रावळी दिसता कामा नयेत." नीरजाने चौकटीचा खालचा भाग कापून दिला. असल्या फिल्म बघतंय कोण, असं तिने स्वतःला समजावलं.

सगळ्या भावकीने बघितली. संभाजीने ती टीव्हीवर लागायची तारीख शोधून काढली, रेकॉर्डिंग लावलं, टीव्हीपुढे सतरंज्या अंथरल्या आणि तिलाही आग्रहाने बोलावलं. चोराच्या मनात चांदणं. गेले नाही तर संशय येईल, म्हणून ती गेली.

बजरंगराव दिसले. "मालक!" म्हणून त्यांच्या म्हाताऱ्या बायकोने, सोजरबाईंनी, पदर सावरला. इतक्यात निवेदक घोगऱ्या आवाजात म्हणाला, "दोन घासांसाठी जोडलेले हात..."

गावाला जेवू घालणारा माणूस त्याच्याच घरात, त्याच्याच भावकीपुढे भिकारी झाला होता.

"ह्ये काय ओ ताई?" संभाजीने विचारलं.

"मुंबईच्या लोकांनी घोळ घातला," नीरजा चटकन म्हणाली. "त्यांना पंगत काय कळतेय!" खोटं इतकं सहज आलं की तिला स्वतःचीच किळस आली.

भावकी तावातावाने बोलू लागली. सोजरबाईंनी हात वर केला. "बाईला बोलू नगा कुनी. तिनं जपलं म्हनून मालक हलताना तरी दिसलं." मग संभाजीला म्हणाल्या, "पुन्यांदा लाव रं. आन् आवाज बंद कर."

त्याने लावलं. बजरंगराव पुन्हा वाकले. सोजरबाई टीव्हीजवळ सरकल्या आणि खालच्या कडेपाशी काहीतरी शोधू लागल्या.

"पंगत कुटं गेली? हितं खाली मी लापशी वाढत हुते की."

नीरजाचे कान तापले.

"मी कापली, आजी," ती म्हणाली. "मुंबईच्यांनी नाही. मीच."

"म्हंजी तू बी न्हाई जपलंस," सोजरबाई म्हणाल्या. मग त्यांनी संभाजीला टीव्ही बंद करायला सांगितला.