भिवापूरकरांची झडती

खमरियाच्या दारूगोळ्याच्या कारखान्यात गणपतराव भिवापूरकर बारूद भरायचे. गेटवर रोज झडती व्हायची, आणि अख्ख्या नोकरीत त्यांच्या खिशात कधी काडेपेटी सापडली नाही. ह्याचा त्यांना इतका अभिमान, की मुलीच्या लग्नात त्यांनी व्याह्यांनाही ते दोनदा ऐकवलं. ऐकवणारच! तिथे एका काडीने अख्खी इमारत उडाली असती.

रिटायर झाले, बायको गेली, आणि कारखान्याजवळच्या रांझीतल्या घरात ते एकटे उरले. मुलगी प्रणोती नागपूरला बोलवायची. पण मुलीच्या दारात राहतील ते गणपतराव कसले! शेजाऱ्यांचा चहासुद्धा ते घेत नसत. हळूहळू कुणी त्यांच्याशी बोलेनासं झालं. मग त्यांनी घराच्या दारात स्वतःचीच झडती सुरू केली. बाहेरून आले की हात वर करायचे, खिसे चाचपायचे आणि गेटवरच्या जमादाराच्या आवाजात म्हणायचे, "चलो भिवापूरकर, अंदर!" कुणीतरी नावाने हाक मारतंय, एवढ्यानेही त्यांना बरं वाटायचं.

एका सकाळी खिशातून काडेपेटी निघाली. गॅसचा लायटर बिघडला म्हणून वाण्याकडून आत्ताच त्यांनी ती आणली होती. पण ते डोक्यातून साफ पुसलं गेलं होतं. त्यांना दरदरून घाम फुटला. भिवापूरकरांच्या खिशात काडेपेटी? शक्यच नाही. म्हणजे हा भिवापूरकर नव्हेच! कुणी भामटा त्यांचा चेहरा घेऊन आत शिरू बघत होता.

त्यांनी दाराला कुलूप ठोकलं, किल्ली गटारात फेकली आणि भामट्याला पायरीवर बसवलं. भामटा तेच, पहारेकरीही तेच.

शेजारच्या बेबीताईंनी फोन केला, तशी दुसऱ्या दिवशी प्रणोती धावत आली. थंडीने बाबांचे ओठ निळे पडले होते.

"बाबा, बाहेर काहून बसून राहिले? चला न आत!"

"ह्याला आत सोडता येत नाही, मॅडम."

"मी प्रणोती, बाबा."

"अच्छा, भिवापूरकरजींची मुलगी!" ते धडपडत उठले. छाती अभिमानाने फुलली होती. "घाबरू नका. तुमचे बाबा आत सुखरूप आहेत. ह्याला मी दारातच अडवला. विश्वास नसेल तर हाक मारून पाहा."

प्रणोती पायरी चढून दाराशी गेली. तिने बंद दाराकडे तोंड करून हाक मारली, "बाबा!"

आणि गणपतराव मोठ्या कौतुकाने आतून ओ येण्याची वाट बघू लागले.