दोन बोटांचा रंग

अहो, जरा जपून! मधोमध अंगठा उमटवू नका, कडेनं धरा. मी रंग कालवायची काच बोलतेय. वीतभर लांब, वीतभर रुंद, एका कोपऱ्याचा टवका उडालेला. दिसण्यासारखं माझ्यात काही नाही, ठाऊक आहे मला. पण माझ्या अंगावर जितके तपकिरी रंग जमले, तितके कुठल्या चित्रकाराला स्वप्नातही दिसले नसतील.

भट्टीतला जन्म काही आठवत नाही. जाग आली तेव्हा मी एका औषधाच्या दुकानात गल्ल्याशेजारच्या कपाटावर आडवी पडले होते. माझ्या पोटाखाली गोरं करणाऱ्या मलमांच्या ट्यूब रांगेनं मांडलेल्या. दिवसभर माणसं माझ्यावर वाकायची. कुणी पोरीची हनुवटी धरून दुकानदाराला दाखवायचं, "हिच्यासाठी कुठली चालेल हो?" जसं काही पोरीला ताप भरलाय! दुकानदार ठोकून द्यायचा, "पंधरा दिवसांत फरक." मी सात वर्षं तिथं काढली. ट्यूबची वेष्टणं पाचदा बदलली, माणसं होती तशीच परत येत राहिली. त्या मलमाचा गोडसर वास मात्र माझ्या नाकात कायमचा बसला. काचेला नाक असतं का, हे विचारू नका. मी सांगतेय ना!

एके दिवशी दुकानदारानंच बाटल्यांचं खोकं माझ्यावर आदळलं आणि माझे तुकडे झाले. काच कापणाऱ्यानं त्यातला बरा तुकडा निवडला, कडा घासल्या आणि एका बाईंना देऊन टाकला. त्या माझ्या काकू. खरं तर सगळ्यांच्याच काकू.

काकू कृत्रिम बोटं, कान, नाकं बनवतात. अपघातात कुणाचं बोट गेलं की त्याच्या दुसऱ्या हातावरून साचा घेऊन सिलिकॉनचं हुबेहूब बोट करतात. नखासकट, सुरकुत्यांसकट! आणि रंग? तो माझ्यावर जुळतो. माणसानं हात माझ्याखाली ठेवायचा, काकूंनी वरून रंगाचा थेंब टाकायचा. थेंब दिसतोय तोवर रंग चुकलाय. बरोबर जुळला की थेंब हातावर दिसेनासाच होतो. हे सगळं खिडकीपाशी, दिवसाच्या उजेडात. दिव्याखाली रंग जुळवणाऱ्यांना काकू सरळ "आळशी" म्हणतात.

त्या दिवशी बबडी आली. नऊ वर्षांची. लोखंडी फाटकात सापडून उजव्या हाताची शेवटची दोन बोटं गेलेली. बाहेर उकाड्यानं जीव जात होता आणि ही जाडजूड स्वेटर घालून, उजवा हात त्याच्या खिशात खुपसून बसलेली. बरोबर वडील, ते बस चालवतात, आणि आत्या. घरीदारी, शाळेत, जेवतानासुद्धा हात खिशातच, असं वडील सांगत होते. "मॅडम, बोटं बसली की हात बाहेर काढेल ना हो ती?"

"बघू या," काकू म्हणाल्या. त्या कधी खोटी आशा लावत नाहीत.

आत्या पुढं सरकली. "करतच आहात तर रंग जरा उजळ घ्या. घराण्यात हीच एक सावळी निघालीय."

"ताई, मागं एका मुलीच्या घरच्यांनी असाच हट्ट केला होता. केला मी कान दोन छटा उजळ. आठ दिवसांत पोरगी कान रुमालात बांधून परत आली. म्हणाली, शेजारणीचा उसना आणल्यासारखा वाटतो."

मी मनातल्या मनात खो खो हसले. पण बबडी हसली नाही. तिनं पहिल्यांदाच तोंड उघडलं.

"काकू, दोन बोटं तरी गोरी होऊ द्या ना."

वडिलांनी मान खाली घातली. सात वर्षं दुकानात तेच ऐकलं होतं, पण ते मोठ्यांच्या तोंडून. स्वतःच्या हातातली दोनच बोटं गोरी मागणारं पोर मी पाहिलं नव्हतं.

काकूंनी खुर्ची जवळ ओढली. "कोण काय म्हणालं गं?"

"नाटकात मला परी व्हायचं होतं. बाईंनी काळा ढग केलं. आणि आता हातपण असा."

काकूंनी मला पुसून टेबलावर ठेवलं, दोन्ही बाजूंना लाकडाचे ठोकळे लावले आणि म्हणाल्या, "रंग तू कर. तुझा हात, तुझी मर्जी. ठेव हात काचेखाली."

बराच वेळ गेला. मग खिशातून हात निघाला आणि माझ्याखाली आला. डावा हात रंग कालवायला मोकळा, पण स्वेटरच्या बाहीत बोटांच्या टोकांपर्यंत झाकलेला. हे लक्षात ठेवा हं, पुढं कामाला येईल.

बबडीनं आधी पांढराच थेंब टाकला. हातावर चुना सांडल्यासारखा दिसला. तिचं तिलाच हसू आलं. मग पिवळा मिसळला, मग लाल. "आता कणभर निळा," काकू म्हणाल्या.

"निळा? माझ्यात?"

"मग! नीट बघ तरी."

सांध्यांवर गडद, बोटांच्या मधे जांभळट, नखांच्या मुळाशी गुलाबी, तळव्याकडे वळताना मधासारखा. पोरगी नाक माझ्यावर टेकवून बघू लागली. मी तिच्या श्वासानं धुरकटले, तिनं स्वेटरच्या बाहीनं मला पुसलं. एका हाताला सात थेंब लागले!

"काकू, पण हा रंग येतो कुठून?"

काकूंनी वडिलांना बाह्या वर करायला लावल्या. त्यांचा खिडकीकडचा हात कोपरापासून खाली चांगलाच गडद होता. "उन्हानं काळा पडलाय," ते ओशाळून म्हणाले.

"पडला काय म्हणता? उभा राहिलाय तो! बबडे, कातडीत बारीक दाणे असतात. मेलॅनिन म्हणतात. ऊन आलं की ते आतल्या कातडीवर छत्री धरतात. कुणाला जन्मतःच मोठी छत्री मिळते, कुणाला लहान. तुझे पणजोबा-खापरपणजोबा भर उन्हाच्या मुलखात राहिले, त्यांची छत्री तुझ्यापर्यंत आलीय. दुकानात मिळायची नाही ती."

बबडीनं आणखी एक कण लाल घातला, ढवळलं आणि थेंब टाकला. थेंब गायब!

"गेला कुठं?" ती ओरडलीच.

"तुझ्या हातात."

तिनं माझ्यावर पुन्हा पांढरा थेंब टाकला, शेजारी आपला टाकला, दोन्हींकडे टक लावून पाहिलं. मग पांढरा पुसून टाकला. "हाच करा," ती म्हणाली. तेवढ्यात आत्यानं हळूच आपलाही हात माझ्याखाली सरकवला. त्या हाताचा वास मला ओळखीचा होता. मी कुणाला बोलले नाही.

पंधरा दिवसांनी बोटं तयार झाली. बसली, जुळली, वडिलांचे डोळे भरून आले. बबडी "छान आहेत" म्हणाली आणि हात पुन्हा स्वेटरच्या खिशात घालून निघून गेली. काकू कितीतरी वेळ माझ्यावरचा वाळलेला रंग खरवडत राहिल्या. रंग तर केव्हाच निघाला होता.

मग उन्हाळ्याची सुट्टी आली आणि गेली. आज सकाळी दार धाडकन उघडलं.

"काकू, तुमचं चुकलं!"

बबडी! अंगात बिनबाह्यांचा फ्रॉक, गुडघ्याला खरचटलेलं. तिनं उजवा हात थेट माझ्यावर आपटला. हात खरपूस तपकिरी झालेला, आणि त्यात ती दोन बोटं फिकट, तीन छटा तरी फिकट! काकूंनी घाईघाईनं चष्मा लावला. रंग उडाला की काय? वहीत चिकटवून ठेवलेला नमुना काढून बोटांशी धरला. तंतोतंत तोच. बोटं नव्हती बदलली, हात बदलला होता.

"डावा हात बघू," काकू म्हणाल्या. दोन्ही हात आता एका रंगाचे होते. आणि मग त्यांनी कपाळावर हात मारला. "अरे देवा! मी त्या दिवशी फक्त खिशातल्या हाताशी रंग जुळवला. सावलीत राहून उतरलेला हात होता तो!"

"सुट्टीभर सायकल चालवली मी," बबडी म्हणाली. "आणि हात सोडूनपण येते मला."

"आणि खिसा?"

"हा फ्रॉक आत्यानं शिवला. खिसा मीच नको म्हटलं." तिनं ती दोन बोटं नाक मुरडून वर धरली. "ही दोन गोरीच राहिलीत, काकू. मला माझ्या रंगाची हवीत."

काकूंनी पांढऱ्या कोटाच्या बाहीनं डोळे पुसले आणि म्हणाल्या, "चुकलंच गं बाई माझं!" इतक्या आनंदानं चूक कबूल करणारं माणूस मी तरी पाहिलेलं नाही.

तेव्हा मंडळी, आता मला सोडा, काम आहे. माझं वय झालं, कोपरा गेलाय, रंग मोजायचं नवं यंत्र येणार असं ऐकते. येऊ दे बापडं. तुमच्या घरात एखादं पोर हात लपवत असेल, तर त्याला खिडकीपाशी बसवा आणि त्याच्या हातातले रंग त्यालाच मोजायला लावा. एवढंच मागणं.

काकूंनी खिडकी उघडलीय. "पांढरा किती घालू?" त्या विचारतायत.

"थोडासाच," बबडी म्हणते, आणि उन्हानं तापलेला तिचा हात माझ्याखाली येतो.