पाचव्या मजल्यापर्यंतचं बोलणं

रविवारी सकाळी बँका-पेढ्यांचा भाग ओळखू येत नसे. आठवडाभर तिथे माणसांच्या खांद्याला खांदा घासायचा. रविवारी मात्र त्या जुन्या बँका, विमा कंपन्या आणि शेअर बाजाराची ती बारा खांबांची इमारत, सगळ्या, पाहुणे गेल्यावर मागे उरलेल्या वडीलधाऱ्यांसारख्या एकमेकींकडे बघत गप्प उभ्या असत. बंदराकडून धुकं यायचं, गल्लीच्या वळणावर जरा घुटमळायचं आणि मग खिडक्यांच्या दगडी कमानींत जाऊन बसायचं. अशा वेळी त्या रस्त्यात फक्त एकच आवाज ऐकू यायचा, तो गाइडबाईंचा.

गाइडबाई एकसष्ट वर्षांच्या होत्या. उंची बेताची, म्हणून काखेत घडीचं स्टूल. हातात मिटलेली निळी छत्री, मागच्याला दिसावी म्हणून उंच धरलेली. दर रविवारी पंधरा-वीस माणसांना घेऊन त्या दोन तास या भागातून चालायच्या. स्टुलावर चढून म्हणायच्या, "बाजाराला छप्पर नव्हतं तेव्हा दलाल इथे, या रस्त्यातच उभे राहायचे. वरच्या खिडकीतून एकजण बोटांनी भाव सांगायचा. तीन बोटं, मग मूठ, मग नाकाला हात. खाली शंभर माणसं माना वर करून उभी!" आणि ऐकणाऱ्यांच्या माना आपोआप वर जायच्या. रिकाम्या खिडकीत बोटं हलल्यासारखं वाटायचं. बोलण्यात बाईंचा हात धरणारं कुणी नव्हतं.

त्यांचे यजमान त्याच्या अगदी उलट. त्याच भागातल्या एका बँकेत एकतीस वर्षं लिफ्टमन होते. घरी यायचे, बूट काढायचे, खिडकीपाशी बसायचे. "कसा गेला दिवस?" तर "बरा." "जेवायला वाढू?" तर मान. दूधवाल्यालाही मानेनेच उत्तर. लेक चेष्टेत म्हणायची, "घरच्या भिंतींशी बोलून बोलून आईला दगडांची सवय झाली, म्हणून ती गाइड झाली."

आणि त्या बाईंचाच आवाज गेला.

आधी घोगरा झाला, मग फुटका, मग एका सकाळी नुसती हवा. डॉक्टरांनी घशात आरसा घालून पाहिलं आणि सांगितलं, "स्वरतंतूंवर गाठी आल्यात. महिनाभर अवाक्षर बोलायचं नाही. कुजबुजायचंही नाही. कुजबुज तर जास्त वाईट." बाईंनी गळ्यात एक छोटी वही अडकवली, तिला दोऱ्याने पेन्सिल बांधली.

प्रश्न रविवारांचा होता. नावनोंदणी लेक बघायची, आणि लोक लांबून येणार होते. कुणी गाड्यांची तिकिटं काढली होती, कुणी हॉटेलं ठरवली होती. लेक म्हणाली, "बाबांना पाठवूया?" आणि स्वतःच हसत सुटली. बाईही आवाज न करता हसल्या. खिडकीपाशी बसलेल्या माणसाने मान वळवली.

"जातो," तो म्हणाला.

बाईंनी दोन दिवस बसून अख्खी फेरी जाड कागदाच्या बावीस पत्त्यांवर लिहून काढली. कुठे थांबायचं, कुठे वर बघायला सांगायचं, कुठे लोक हसतात. वर आकडे टाकले. नवऱ्याने पत्ते नीट लावून कोटाच्या खिशात ठेवले, आणि रविवारी दोघं निघाले. तो पुढे, छत्री घेऊन. बाई मंडळींच्या मागे, वही गळ्यात.

पहिल्या तीन थांब्यांवर त्याने पत्ते वाचले. स्टेशनावरची सूचना वाचावी तसे. शेअर बाजारापुढे "इथे लोक हसतात" हेही वाचलं, आणि लोक खरंच हसले. बाईंनी डोळे मिटून घेतले. त्यात त्या दिवशीचं धुकं ओलंकच्च होतं, पत्त्यांवरची शाई पसरायला लागली होती. चौथ्या थांब्यावर त्याने पत्ता डोळ्यांजवळ नेला, लांब नेला, उलटा केला, आणि खिशात टाकला.

चौथा थांबा त्याचीच बँक होती. पाच मजली, राखाडी दगडाची, पितळी दाराची. आता तिथे दुसरीच कुठली कुठली ऑफिसं होती.

मंडळींमध्ये एक निवृत्त शिक्षिका होत्या. त्यांनी विचारलं, "बाहेरून तर छानच आहे हो. आतून कसं होतं?"

तो दाराकडे वळला. मग ताठ उभा राहिला. त्याचा डावा हात आपोआप कमरेच्या उंचीवर आला आणि तिथे नसलेल्या लिफ्टच्या दांड्यावर विसावला.

"जरा आत सरका," तो म्हणाला. "मागच्यांना जागा द्या. हात आत घ्या, दार लावतोय."

आणि काय गंमत, फुटपाथवरची पंधरा माणसं खरंच सरकली. खांद्याला खांदा लावून उभी राहिली. एकाने तर हात आत घेतला.

"पहिला मजला," तो म्हणाला. आवाज मोठा नव्हता, पण स्वच्छ होता, आणि बाईंनी तो कधीच ऐकला नव्हता. "इथे टायपिस्ट मुली. चाळीसजणी. लिफ्ट जवळ आली की त्यांची टकटक आधी पायाच्या तळव्यांना कळायची, मग कानांना. सगळ्या एकदम ओळ संपवायच्या तेव्हा टायपरायटरच्या घंट्यांचा पाऊस पडायचा. दुसरा मजला. ओल्या कोटांचा वास. इथे एक साहेब होता, तो रोज उतरताना माझ्याच टोपीकडे बघून स्वतःची टोपी नीट करायचा. मी त्याचा आरसा होतो. तिसरा मजला. इथे कुणी बोलायचं नाही. एक बाई फक्त कुंड्यांना पाणी घालायच्या. त्यांच्या झारीचा आवाज मला दुसऱ्या मजल्यापासून ऐकू यायचा…"

लोकांच्या नजरा दगडावरून हळूहळू वर चढत होत्या. धुकंही त्यांच्याबरोबर वर चढत होतं. बाईंना क्षणभर पायाखालचा फुटपाथ उचलला गेल्यासारखं वाटलं. ही इमारत त्यांनी शेकडो वेळा दाखवली होती. दगड कुठल्या खाणीतला हे त्यांना ठाऊक होतं. पण आज पहिल्यांदाच तिच्यात माणसं होती.

"पाचवा मजला. गालिचा. इथे स्वतःच्या पावलांचा आवाज हरवायचा, म्हणून नवीन लोक घाबरायचे. मोठे साहेब इथेच बसायचे. कुणाशी बोलायचे नाहीत. एकदा दुपारी वीज गेली आणि आम्ही दोघं तिसऱ्या-चौथ्याच्या मध्ये अडकलो. चार तास. साहेबांना बंद जागेची भीती. घामाने भिजले, शर्टाची बटणं तोडायला लागले. म्हणाले, बोल काहीतरी. काहीही बोल. मी काय बोलणार? मला घर सोडून काय ठाऊक होतं? मग मी आमच्या हिचं सांगायला लागलो."

बाईंचा हात वहीवर गेला आणि तिथेच थांबला.

"ही एकदा ग्रंथालयात वाचता वाचता झोपली आणि आत कोंडली गेली, ते सांगितलं. भिंत रंगवणाऱ्याला आधी फैलावर घेतलं आणि मग त्यालाच जेवू घातलं, ते सांगितलं. चुकीच्या रांगेत दोन तास उभी राहिली आणि त्या रांगेतल्या सगळ्यांची कामं करून आली, ते सांगितलं. साहेब हसायला लागले. वीज आली तरी म्हणाले, थांब, हे पुरं कर. दुसऱ्या दिवशी सकाळी लिफ्टमध्ये शिरले आणि म्हणाले, हं, मग पुढे? त्यानंतर नऊ वर्षं. रोज. तळापासून पाचव्या मजल्यापर्यंत जेवढं मावेल तेवढं."

"आणि मग?" शिक्षिकाबाईंनी विचारलं.

"मग साहेब निवृत्त झाले. जाताना मला एक जाडजूड पुस्तक दिलं. या भागातल्या सगळ्या इमारतींचे जुने नकाशे. म्हणाले, तुझ्या बायकोला दे, तिला असलं आवडेल. मी घरी नेऊन टेबलावर ठेवलं."

ते पुस्तक बाईंनी शिवण उसवेपर्यंत वाचलं होतं. त्याच्यावरूनच तर ही फेरी सुरू झाली होती. त्या दिवशी "हे कुठून आलं?" असं त्यांनी विचारलं होतं, आणि उत्तर मिळालं होतं, "कुणीतरी दिलं."

फेरी संपली. लोकांनी त्याचे हात हातात घेतले. शिक्षिकाबाई बाईंकडे येऊन म्हणाल्या, "तुम्ही भाग्यवान हो!" बाईंनी मान हलवली, पण चेहरा दगडी होता.

घरी आल्यावर त्यांनी वहीत लिहिलं, पेन्सिलचं टोक मोडेल इतकं दाबून: "नऊ वर्षं साहेबाला सांगत होता. मला एक शब्द नाही. का?"

त्याने वाचलं. बूट काढता काढता थांबला. "तुझंच तुला काय सांगू?" एवढंच म्हणाला.

झालं. बाईंनी अबोला धरला. आता जिचा आवाजच बंद, तिने अबोला धरला तर समोरच्याला कळणार कसं? पण त्याला कळलं. पेन्सिल तशीच मोडकी राहिली. चहाचा कप टेबलावर ठेवल्याचा आवाज थोडा जास्त यायला लागला. लेकीने फोनवर विचारलं, "आई कशी आहे?" तर तो म्हणाला, "बोलत नाही." लेक म्हणाली, "अहो बाबा, ते ठाऊक आहे!" तो म्हणाला, "नाही गं. खरंच बोलत नाही."

मंगळवारी दुपारी त्याने कोट चढवला, बाईंचाही कोट आणून पुढे धरला. "चल."

त्याने तिला बँकेच्या त्या जुन्या इमारतीत नेलं. पितळी दारावरचा म्हातारा पहारेकरी त्याला ओळखायचा, त्याने आत सोडलं. जुनी लिफ्ट केव्हाच गेली होती. तिच्या जागी चकचकीत स्टीलचा डबा होता, बटणांचा. दोघं आत गेले. त्याने पाचचं बटण दाबलं.

"घरी मला जमत नाही," तो दाराकडे तोंड करूनच म्हणाला. "मी कितीदा ठरवलं. जिना चढेपर्यंत शब्द असायचे, दार उघडलं की जायचे. माझं बोलणं हलत्या जागेचं आहे. कामावर पहिल्या दिवशी मी…"

टिंग. पाचवा मजला. ही लिफ्ट फार वेगाची होती.

तो गोंधळला. मग त्याने तळाचं बटण दाबलं.

"पहिल्या दिवशी मला भीती वाटली. खोटं वाटेल, पण रडलो. दोरखंड तुटला तर, असं सारखं यायचं मनात. टोपीत तोंड…"

टिंग.

बाईंनी हात पुढे करून पाचचं बटण दाबलं.

ती दोघं अकरा वेळा वर गेली आणि अकरा वेळा खाली आली. मध्ये कुणी कुणी आत शिरायचे, उतरायचे, तेवढ्यापुरता तो गप्प व्हायचा. पहारेकऱ्याने दोनदा डोकावून पाहिलं आणि नाद सोडला. या खेपांत नवऱ्याने तिला सांगितलं, की जुन्या लिफ्टच्या पितळी पट्टीत त्याला स्वतःचा चेहरा वर्षानुवर्षं म्हातारा होताना दिसला. तिच्या आईच्या आजारपणात तो रोज तिसऱ्या मजल्यावरच्या कुंड्यांवाल्या बाईंकडून झाडपाल्याच्या औषधांची माहिती विचारून यायचा, आणि घरी येऊन नुसतं "हे देऊन बघ" म्हणायचा.

"आणि लेक झाली त्या दिवशी," सातव्या की आठव्या खेपेला तो म्हणाला, "मी सगळ्यांना पाचव्या मजल्यावरच नेऊन सोडलं. कुठे जायचंय ते विचारलंच नाही कुणाला. आणि कुणी रागावलंही नाही. सगळे निमूट जिन्याने खाली गेले."

बाईंच्या खांद्यांना हसू फुटलं, मग ते हसू राहिलं नाही. त्या फक्त त्याची बाही धरून उभ्या राहिल्या. डबा हलकेच उचलला जायचा, आणि त्या उचलण्यात एकतीस वर्षांची सकाळ त्यांच्या अंगावरून सरकत होती. आपण कुठल्या मजल्यावर आहोत हे दोघांपैकी कुणीच बघत नव्हतं.

पुढचे दोन रविवार त्याने पत्ते नेलेच नाहीत. लोक वाढले. बाई मागून चालायच्या, कोपऱ्यावर कुणी रेंगाळलं तर हाताने हाकायच्या. घरी तो पूर्वीसारखाच खिडकीपाशी बसे. पण संध्याकाळी कधीकधी दोघं ट्राममध्ये बसून शेवटच्या थांब्यापर्यंत जाऊन परत येत, कामाशिवाय.

आवाज परत आला तो एका गुरुवारी. दूध उतू चाललं होतं आणि बाईंच्या तोंडून "अगं बाई!" निघालं, चक्क खणखणीत. घरात कुणी नव्हतं. त्यांनी गॅस बंद केला आणि जरा वेळ ओट्याला टेकून उभ्या राहिल्या. मग वही पुन्हा गळ्यात अडकवली आणि तो आल्यावर तिच्यात लिहिलं, "दूध उतू गेलं." शुक्रवारी काही बोलल्या नाहीत. शनिवारीही नाही. त्यांना अजून एक रविवार हवा होता.

त्या रविवारी ऊन लवकर पडलं होतं, धुक्याचे नुसते तुकडे राहिले होते. बँकेपुढे तो टायपिस्ट मुलींचं सांगत होता. बाईंशेजारी एक तरुण बाई उभी होती. ती त्यांच्या कानाशी वाकून म्हणाली, "काकू, हे सगळं खरं असेल का हो? की रचून सांगतात?"

"अक्षर न् अक्षर खरं आहे," बाई म्हणाल्या. "मला विचारा ना!"

पुढे तो थांबला. वाक्य तसंच अर्धं राहिलं. पंधरा-वीस माणसांच्या डोक्यांवरून तो टाचा उंचावून मागे बघायला लागला. काय झालं ते मंडळींना कळेना. पुढचे काही लोक वळून पाहू लागले.

"कधीपासून?" त्याने विचारलं.

"गुरुवारपासून," बाईंनी मागून ओरडून सांगितलं.

तो गर्दीतून वाट काढत मागे आला आणि छत्री तिच्यापुढे धरली. बाईंनी ती घेतली नाही.

"तुमचा दुसरा मजला राहिलाय," त्या म्हणाल्या. "तो होऊ दे. पुढे विमा कंपनीचं मी सांगते."