न हलणारं पाणी

माझी बायको म्हणते, दूध प्यायच्या आधी मी वाटीचा तळ बघतो. बघतोच. बॉयलर चालवणाऱ्या माणसाला भोळं राहून चालत नाही.

आमची लॉण्ड्री हॉस्पिटलच्या चादरी धुते. मागच्या बाजूला बॉयलरची खोली, भिंतीपलीकडे इस्त्रीचा हॉल. तिथे बायका वाफेच्या प्रेसवर चादरी दाबतात. माझी मुलगीही त्याच हॉलमध्ये, अगदी भिंतीलगतच्या प्रेसवर. बॉयलर कमी दाबाचा आहे. नव्याने आलेल्यांना वाटतं, कमी दाबाचा म्हणजे गरीब गाय. डोंबलाची गाय! दाब कितीही कमी असो, आत पाणी आहे तोवरच तो आपला. पाणी संपलं, लोखंड तापून लाल झालं आणि घाबरून कोणी त्यावर पाणी सोडलं, की त्या पाण्याची एका झटक्यात वाफ होते. मग भिंत, प्रेस, माणसं, काहीच जागेवर राहत नाही. म्हणून माझ्या हाताखाली आलेल्या प्रत्येकाला मी पहिला धडा हाच दिला आहे: काचेत पाणी दिसेनासं झालं तर पंपाला हात लावायचा नाही. आधी बर्नर बंद करायचा आणि बॉयलर आपोआप गार होऊ द्यायचा.

काच म्हणजे बॉयलरच्या अंगावर बसवलेली उभी नळी. आतलं पाणी जेवढं, तेवढंच त्या नळीत दिसतं. खरं तर पाणी उतरलं की पंप आपोआप लावणारा, आणि फारच उतरलं तर बर्नर बंद करणारा एक फ्लोटही असतो. आमचा बिघडला होता. नवा मागवलाय, असं सुपरवायझर रोज सांगायचा आणि तोवर डोळ्यांत तेल घालून काचेकडे बघा, असंही बजावायचा. पंप हाताने लावायचा, हातानेच बंद करायचा. असा बॉयलर चालवूच नये, हे मला कळत होतं. पण चादरी थांबत नाहीत म्हणे.

माझा जुना जोडीदार निवृत्त झाला आणि त्याच्या जागी रात्रपाळीला आला माझा जावई. परीक्षा पास झालेला, कामाला चोख, पण तोंड उघडेल तर शपथ. मनातल्या मनात मी त्याला घुम्या म्हणायचो. समोर अर्थातच जावईबापू.

जुन्या जोडीदाराबरोबर आमची एक रीत होती. पाळी बदलताना येणाऱ्याने काचेखालच्या तोटीचा कॉक उघडायचा, नळी रिकामी होऊ द्यायची, कॉक बंद करायचा आणि पाणी पुन्हा उसळून वर येताना दोघांनी बघायचं. म्हणजे काच खरं बोलतेय याची खात्री. त्यात रागवण्यासारखं काही नव्हतं. पण जावयासमोर कॉक उघडायचा म्हणजे तुमच्या शब्दावर माझा विश्वास नाही, असं त्याला तोंडावर सांगणं. जावयाला असं कसं सांगणार?

"पाणी अर्धं आहे, मामा," तो सकाळी म्हणायचा.

"बरं, जावईबापू," मी म्हणायचो.

तो गेला की उघडू कॉक, असं रोज ठरवायचो. पण तो गेल्यावर मला दुसरंच काम लागलं होतं. तो कुठे जातो ते बघायचं.

सुरुवात बायकोने केली. एके दिवशी भाजी चिरता चिरता ती म्हणाली, "अहो, जावई रात्रपाळी संपली तरी घरी लवकर येत नाहीत. ऊन चढतं तेव्हा येतात. पोरगी दुपारपाळीच्या दिवशी घरीच असते, वाट बघते बिचारी. विचारलं तर म्हणतात, काम होतं."

"काम? पाळी संपल्यावर कसलं काम?"

"तेच म्हणते मी. इस्त्रीच्या हॉलमध्ये बायका पुष्कळ आहेत."

माझ्या मनात पाल चुकचुकली. दुसऱ्या दिवशी तो बाहेर पडला तसा मी फाटकापर्यंत मागे गेलो. रखवालदाराला विचारलं, जावई गेले का? तो म्हणाला, नाही, कोणी गेलं नाही. म्हणजे आतच कुठेतरी. मी हॉलमध्ये डोकावलो, धुलाईच्या मशिनींमागे बघितलं, स्वच्छतागृहाशी उगाच खोकत उभा राहिलो. घुम्या कुठेच नाही. परत येऊन बघतो तर माझ्या खोलीतला पंप गरम. मी तो लावलाच नव्हता.

मग मात्र मी बारीक लक्ष ठेवलं. माझ्या पाळीत बॉयलर वाफ देत होता, वाफ चादरींवर जात होती, तरी काचेतलं पाणी जिथल्या तिथे. बरोबर अर्ध्यावर. मी पंप लावत नाही आणि पाणी उतरत नाही, याचा अर्थ काय? कोणीतरी माझ्या पाठीमागे पाणी भरतंय. कुठेतरी पाणी मुरतंय म्हणतात, तसं इथे खरंच मुरत होतं. का भरतो? मला वाटलं, मला घालवायचा डाव आहे. पाणी जास्त झालं की वाफेबरोबर पाण्याचे थेंब प्रेसवर येतात, चादरी ओल्या होतात आणि बोल दिवसपाळीच्या माणसाला लागतो. म्हातारा गेला की दिवसपाळी जावयाला. त्यात काचेवरचा दिवाही त्याने मंद बसवला होता.

"दिवा बदललात का हो, जावईबापू?"

"नाही मामा, तोच आहे."

मी स्वतः नवा आणून बसवला. तोही मंदच. दुकानदारसुद्धा सामील असावा, असं काही काळ मला वाटत होतं.

बायकोला हे सांगितलं तर ती उलट माझ्यावरच उखडली. "मी बाईबद्दल बोलत होते, तुम्ही बॉयलरवर गेलात! अहो, स्वतःच्या जावयावर पाळत ठेवता? पोरीच्या संसाराला कशाला काडी लावता?"

काडी तिनेच लावली होती, पण ते तिला कोण सांगणार!

शेवटी मी सुपरवायझरकडे गेलो. म्हणालो, हा माणूस माझ्यामागे येऊन बॉयलरशी खेळतो, पंप लावतो. याला इथे ठेवू नका.

"तुमचाच जावई ना?" तो म्हणाला. "पुरावा काय?"

पुरावा मी ठरवूनच आलो होतो. उद्या पाळी संपली की रखवालदाराने त्याला फाटकाबाहेर काढायचं. बॉयलरच्या खोलीच्या मागच्या दाराला मी आतून कडी घालीन. उद्या पाणी उतरायला हवं तसं उतरलं, की इतके दिवस तोच भरत होता हे सिद्ध झालं. सुपरवायझर खूश झाला. सिद्ध झालं तर त्याला त्याच दिवशी काढतो, असं म्हणाला. मुलीचा चेहरा क्षणभर डोळ्यांसमोर आला. मी तो बाजूला सारला.

सकाळी सगळं ठरल्याप्रमाणे झालं. "पाणी अर्धं आहे, मामा," तो म्हणाला आणि जरा घुटमळला. तेवढ्यात रखवालदार आला आणि त्याला घेऊन गेला. घुम्याने वळून माझ्याकडे पाहिलं. मी दाराला कडी घातली, खुर्ची काचेसमोर ओढली आणि बसलो पाणी उतरायची वाट बघत.

पाणी उतरेना.

हॉलमध्ये प्रेस एकामागून एक उघडत मिटत होते, फुस्स फुस्स आवाज येत होते, आणि काचेतली रेघ अर्ध्यावर गोठल्यासारखी. आधी मला आश्चर्य वाटलं, मग राग आला. म्हणजे बाहेरूनही याचं काही चालतंय! मी उठून पाइप तपासले. टाकीमागे वाकून बघितलं, कुठे चोर नळ जोडलाय का. पंपावर हात ठेवला. गार. परत काच बघितली. अर्धी. हवेत तापलेल्या रंगाचा वास यायला लागला होता. कोणीतरी प्रेसवर चादर जाळली असणार असं म्हणून मी तिकडे दुर्लक्ष केलं आणि पुन्हा टाकीमागे वाकलो.

हॉलकडचं दार धाडकन उघडलं. घुम्या. मागे माझी मुलगी. हॉलच्या बाजूने तिनेच त्याला आत घेतलं होतं.

"मामा, बर्नर बंद करा!"

सापडला, मला वाटलं. मी बर्नरच्या बटणासमोर उभा राहिलो. बर्नर बंद म्हणजे वाफ बंद, आणि वाफ माझ्या पाळीत बंद पडली की त्याचं काम फत्ते.

"का म्हणून? पाणी अर्धं आहे. दिसत नाही?"

"पाणी कुठे दिसतंय तुम्हाला? बोट ठेवा."

मी बोट ठेवलं. बरोबर रेघेवर. त्याने खाली वाकून कॉक उघडला. पाणी यायला हवं होतं. आली नुसती वाफ, कोरडी, शिट्टी वाजवत. नळी रिकामी झाली होती, आणि रेघ माझ्या बोटाखाली जिथल्या तिथे होती.

"तो डाग आहे, मामा," घुम्या म्हणाला. "जुन्या पाण्याचा गंज बसलाय काचेला. खरं पाणी उकळताना थरथरतं, इतकं शांत कधी असतं का?"

मला काहीच ऐकू आलं नाही. एवढंच कळलं, की आत पाणी नाही, भिंतीपलीकडे बायका आहेत आणि माझी मुलगी इथे उभी आहे. माझा हात आपोआप पंपाकडे गेला. ज्या हाताने मी इतक्या जणांना तो धडा दिला, त्याच हाताने मी पंप लावत होतो. घुम्याने माझं मनगट असं पकडलं की हाड दुखलं.

"हात लावू नका!"

माझ्याशी तो असा कधी बोलला नव्हता. मी भानावर आलो आणि बर्नर बंद केला. ज्वाळेचा आवाज थांबला. आतलं लोखंड मात्र टक टक वाजत राहिलं.

"सगळ्यांना बाहेर काढ, अंगणात," त्याने माझ्या मुलीला सांगितलं. ती पळाली. आम्ही दोघं तसेच उभे राहिलो, कशालाच हात न लावता. दाबाचा काटा हळूहळू खाली येऊ लागला.

"तुम्ही रोज थांबत होतात ते..."

"तुम्ही चहाला नाहीतर फाटकाशी गेलात की मागच्या दाराने यायचो. कॉक उघडून बघायचो, पाणी भरायचो आणि टाकीमागे बसून राहायचो. तुम्ही पुन्हा बाहेर गेलात की तुमची पाळी संपेपर्यंत पुरेल एवढं भरून मग जायचो."

"मला सांगायचं नाही का?"

"तुम्हाला?" तो खाली बघत म्हणाला. "दिसत नाही, असं तुम्हाला कसं सांगू, मामा?"

मला रडू कोसळलं असतं तर बरं झालं असतं. नुसती लाज वाटली, अंगभर, गरम. इतके दिवस मी त्याच्या मागावर होतो आणि तो माझ्या डोळ्यांची नोकरी करत होता.

मुलगी परत आली होती. धापा टाकत म्हणाली, "बाबा, मला त्यांनी आत्ता फाटकाबाहेरून बोलावून सगळं सांगितलं. आई त्यांच्याबद्दल काय काय बोलली मला! आणि मीही त्यांना काय काय बोलले!"

तेवढ्यात सुपरवायझर आला. प्रेस थांबलेले, बायका अंगणात, त्याचा चेहरा लालबुंद. घुम्याला बघितल्याबरोबर तो थबकला, आणि मग हसला.

"हा आत कसा आला? म्हणजे तुम्ही म्हणत होता तसंच ना? सापडला! वाफ यानेच घालवली ना? सांगा, आत्ता घरी पाठवतो."

घुम्या तोंड उघडणार नव्हता, हे मला आता पक्कं माहीत होतं. मी हो म्हटलं असतं तरी त्याने नाही म्हटलं नसतं. मुलगी माझ्याकडे बघत होती. नुसतं हो म्हणायचं होतं. खुर्ची माझी, दिवसपाळी माझी, अब्रू माझी.

"इकडे या," मी सुपरवायझरला म्हणालो. "या काचेत काय दिसतं?"

"आता हे काय?"

"सांगा तर."

त्याने दारातूनच मान वाकडी करून बघितलं. जवळ यायचीही त्याला गरज पडली नाही. "रिकामी आहे. मध्ये कसला तरी डाग आहे. का?"

मी काचेच्या अगदी जवळ गेलो. डोळे पुसले, बारीक केले, पुन्हा बघितलं.

"त्याला नाही, मला घरी पाठवा," मी म्हणालो. "मला अजूनही पाणीच दिसतंय."