दीडवरून पाऊणवर

रविवारी दुपारी चार वाजले की ती सहा माणसं आपापल्या घरी मोबाइलमध्ये डोकं खुपसून एकमेकांचे खून करायला बसायची. सगळी एकाच कुटुंबातली. ताई आणि भावजी एका घरात, धाकटा आणि त्याची बायको दुसऱ्या घरात, भूगोल शिकवणारा दादा एकटाच तिसऱ्या घरात, आणि ताईची लेक नोकरीपायी लांबच्या शहरात. हा खेळ तिनेच आणला होता. आठवड्यातून एकदा फोन केला की "जेवलीस का, झोपलीस का" याच्या पुढे गाडी सरकत नाही, त्यापेक्षा हे बरं, असं तिचं म्हणणं.

खेळ साधा होता. एक मालवाहू जहाज, त्यावर सहा खलाशी. त्यातला एक गुपचूप खुनी. बाकीच्यांनी जहाजभर फिरून कामं करायची, कुठे वायरी जोडायच्या, कुठे तेल भरायचं. खुन्याने एकटं कुणी दिसलं की त्याचा काटा काढायचा. प्रेत सापडलं किंवा कुणी घंटा वाजवली की सगळ्यांनी थांबून दीड मिनिट भांडायचं आणि मतं टाकून एकाला समुद्रात ढकलायचं. भांडण फोनवर, स्पीकर लावून. भावजी गॅलरीत बसून "ताईच खुनी आहे, मी डोळ्यांनी बघितलंय!" असं ओरडायचे, तेव्हा समोरच्या इमारतीतल्या दोन खिडक्या हमखास उघडायच्या.

खेळाची सूत्रं धाकट्याकडे. तो लिफ्ट मेकॅनिक. कुठलंही यंत्र हातात आलं की आधी त्याच्या सेटिंगमध्ये बोट घालणारा. कामं किती, अंधारात किती लांबचं दिसावं, खलाशी किती वेगाने चालावेत, सगळं त्याने पहिल्याच आठवड्यात लावून टाकलं होतं. चालण्याचा स्पीड दीड. त्याहून कमी म्हणजे रटाळ आणि जास्त म्हणजे माकडचेष्टा, असं त्याचं ठाम मत.

त्या रविवारी खुनी तोच होता. इंजिनरूमच्या कोपऱ्यात तो दबा धरून बसला होता आणि समोरून ताईचा हिरवा खलाशी आला. ताईला वायरीच्या डब्यापाशी थांबायचं होतं हे उघड होतं. पण खलाशी डबा ओलांडून पुढे गेला आणि भिंतीला धडकला. मागे फिरला, तर डबा ओलांडून अलीकडे आला. पुन्हा पुढे, पुन्हा मागे. असं चार-पाच वेळा झालं. धाकट्याला आधी हसू आलं. मग त्याने शेजारच्या खोलीत भावजींचा निकाल लावला आणि शिडीवरून पसार झाला.

प्रेत दादाला सापडलं. लगेच सभा भरली.

"ताई इंजिनरूमपाशी घिरट्या घालत होती," दादा म्हणाला. "मी लांबून पाहिलं. पुढे काय, मागे काय!"

"मी वायरी जोडत होते," ताई म्हणाली.

"मग किती जोडल्यास?"

"एकही नाही."

"आई, एवढ्या वेळात एकही नाही?" लेक म्हणाली.

एरवी ताईने सगळ्यांना उभं-आडवं घेतलं असतं. एकदा तर स्वतः खुनी असताना तिने आपला गुन्हा दादाकडून कबूल करून घेतला होता. पण त्या दिवशी ती एवढंच म्हणाली, "जाऊ दे. टाका मला पाण्यात."

टाकली. धाकट्यानेही मत दिलं, कारण खेळ म्हणजे खेळ. ती निर्दोष होती हे तिच्याखेरीज एकट्या त्यालाच नक्की माहीत होतं. तो जिंकला, पण जिंकल्यासारखं वाटेना. ती भांडली का नाही, हे त्याला काही केल्या उलगडत नव्हतं.

सोमवारी एका जुन्या इमारतीतून तक्रार आली. लिफ्ट मजल्याला बरोबर लागत नव्हती. चार बोटं खाली थांबायची आणि येणारा-जाणारा अडखळायचा. धाकटा वर मशीनरूममध्ये जाऊन बसला. मोटार ठणठणीत होती, वेगही होता तेवढाच. फक्त ब्रेक पकडायला क्षणभर उशीर होत होता. पाना हातात धरून तो तसाच बसून राहिला. ताईचा खलाशीही चालताना चुकत नव्हता, त्याला थांबताच येत नव्हतं.

जेवणाच्या सुट्टीत तो तडक चष्म्याच्या दुकानात गेला. ताई तिथे मागच्या टेबलाशी बसून काचा बसवायची, दांड्यांचे तिळाएवढे स्क्रू पिळायची. बावीस वर्षांचा हात, तोही डावा. त्या डावखुऱ्या हातावर दुकानाचा मालक डोळे झाकून भरवसा ठेवायचा.

"आज कुठे वाट चुकलास?" ती म्हणाली.

"इकडेच काम होतं."

तो स्टुलावर बसला. ताईने चिमट्यात स्क्रू धरला, दांडीच्या भोकाशी नेला. पडला. दुसरा घेतला. तोही पडला. तिसरा तिने उजव्या हाताने लावायला घेतला तेव्हा धाकट्याने तिच्यासमोर तळहात धरला आणि खाली पडलेले दोन्ही स्क्रू त्यावर ठेवले.

"कधीपासून?" त्याने विचारलं.

"काय कधीपासून?"

"ताई."

तिने चिमटा खाली ठेवला. मालक पुढे गिऱ्हाइकाशी बोलत होता. "पाच-सहा महिने झाले असतील," ती हळू आवाजात म्हणाली. "दुखत-बिखत काही नाही रे. मी सांगते, हात ऐकतो. पण उशिरा ऐकतो. मोबाइलवरून अंगठा उचल म्हटलं, की उचलेपर्यंत तो बाबा भिंतीला आपटलेला असतो."

"भावजींना सांगितलंस?"

"नाही, आणि तूही सांगायचं नाहीस. त्यांच्या जिवाला उगाच घोर."

"मग डॉक्टरकडे तरी चल."

"जाईन ना. पळून का चाललाय डॉक्टर?" तिने पुन्हा चिमटा उचलला. "तुला काही करायचंच असेल, तर त्या खेळाचा स्पीड जरा कमी कर. रविवारी माझी फार त्रेधा उडते. आणि का केला ते कुणाला बोलू नकोस."

त्याने शब्द दिला. दुकानाबाहेर पडल्यावर त्याला वाटलं, आपण नको तो शब्द देऊन बसलो.

पुढच्या रविवारी त्याने स्पीड सव्वावर आणला. कुणाच्या लक्षात आलं नाही. फक्त बायकोने एकदा मान वर करून त्याच्याकडे पाहिलं. त्याच्या पुढच्या रविवारी एक. तेव्हा मात्र दादा कुरकुरला, "चिखलातून चालल्यासारखं वाटतंय. काय भानगड आहे?"

"अपडेट आलं असेल," धाकटा म्हणाला.

ताईचा खलाशी आता डब्याच्या जवळपास थांबत होता, पण अजून नेमका नाही. म्हणून तिसऱ्या रविवारी त्याने पाऊण केला, आणि भडका उडाला.

"हा मुद्दाम करतोय," दादा म्हणाला. "स्पीड कमी असला की कुणी पळू शकत नाही. हा खुनी असला की याचीच सोय. काढा याला, सेटिंग माझ्याकडे द्या."

"मामा, खरं काय ते सांग," लेक म्हणाली.

"अहो, माझ्याकडे बघून सांगा," सोफ्याच्या दुसऱ्या टोकावरून बायको म्हणाली.

रविवारमागून रविवार त्याने चेहऱ्यावरची सुरकुतीही न हलवता माणसं मारली होती, भावजींच्या प्रेतावर उभं राहून "अरेरे, कुणी केलं हे?" म्हटलं होतं. पण आता त्याचे कान लाल झाले.

"माझा अंगठा दुखतोय," तो म्हणाला. "मला जमत नाही, म्हणून कमी केला. झालं समाधान?"

"परवा माझ्याकडे येऊन गच्चीचा दरवाजा एकट्याने चढवलास तो कुठल्या अंगठ्याने?" दादा म्हणाला.

इतक्यात घंटा वाजली. सगळे खलाशी जहाजाच्या मधल्या टेबलाभोवती येऊन उभे राहिले आणि कोपऱ्यात नव्वद सेकंदांचं घड्याळ उलटं पळू लागलं.

"मेलं कोण?" भावजींनी विचारलं.

"कुणी नाही. घंटा मी वाजवली," ताई म्हणाली. "त्याला बोलू नका. स्पीड त्याने माझ्यासाठी कमी केलाय. माझा डावा हात नीट चालत नाही. बरेच दिवस झाले."

सगळ्यात आधी बोलले भावजी, आणि स्पीकरवर त्यांचा आवाज नेहमीच्या निम्म्यानेही नव्हता.

"तीन महिने झाले, तू चहाचा कप अर्धाच भरतेस. मला वाटलं, विचारलं तर चिडशील."

"आणि चालताना तुमचा डावा हात हलत नाही, ताई," धाकट्याची बायको म्हणाली. "अंगाशीच असतो. मला आधी वाटलं पर्स धरलीय. मग पाहिलं, तर पर्स उजव्या खांद्यावर."

"तू हल्ली मला लिहून मेसेज करतच नाहीस," लेक म्हणाली. "सगळे बोलून पाठवतेस. मी म्हटलं, आईला नवीन खूळ लागलं."

दादाने घसा साफ केला. "मी तुझ्याकडून बरण्यांवरच्या चिठ्ठ्या लिहून घेतल्या होत्या ना. अक्षर मुंगीएवढं झालंय. शाळेत एखाद्या पोराचं असं झालं असतं, तर मी त्याच्या आईबापांना बोलावून घेतलं असतं. आणि तुला मी बोललो, घिरट्या घालते म्हणून."

धाकटा ऐकत राहिला. म्हणजे प्रत्येकाने काहीतरी पाहिलं होतं. याच माणसांनी खेळात दोन पावलं वाकडी पडली म्हणून एकमेकांना समुद्रात ढकललं होतं, आणि खरं काही दिसलं तेव्हा एकजात सगळ्यांनी नजर वळवली होती. तोही त्यातलाच. स्वतः पाहिलं ते पाहिलं, वर तिच्याविरुद्ध मतही टाकलं.

"म्हणजे मी एवढं लपवतेय आणि तुम्ही सगळे बघताय?" ताई म्हणाली, आणि तिला हसू फुटलं. हसता हसता आवाज कापरा झाला. पलीकडून खुर्ची सरकल्याचा आवाज आला. भावजी गॅलरीतून उठून आत गेले असावेत. मग दोन्ही फोन जवळ आल्यामुळे कर्कश शिट्टी वाजू लागली आणि कुणीतरी एक बंद केला.

घड्याळ शून्यावर आलं. कुणीच मत दिलं नव्हतं. पडद्यावर अक्षरं आली: कुणालाही बाहेर काढलेलं नाही.

डॉक्टरांनी कंपवात सांगितला. सुरुवात आहे, म्हणाले. गोळ्यांनी हालचाल सुधारेल, व्यायाम सोडायचा नाही, आणि आजार पुरता जाणार नाही हे आजच समजून घ्या. ताईने तिथे सगळं शांतपणे ऐकून घेतलं, दोन प्रश्नही विचारले. बाहेर येऊन गाडीपाशी भावजींचं हेल्मेट पोटाशी धरून मात्र ती रडली. त्या दिवशी लेक रजा काढून आली आणि आठ दिवस राहिली. दुकानाच्या मालकाला ताईने स्वतःच सांगितलं. त्याने थोडा विचार करून तिला पुढे बसवलं. कुणाच्या चेहऱ्याला कुठली फ्रेम शोभेल हे तिच्याइतकं कुणाला कळत नाही, असं म्हणाला. ते खरं होतं. तरी पहिले काही दिवस मागच्या टेबलावर दुसरं कुणी बसलेलं तिला बघवत नसे.

तीन रविवार कुणी खेळाचं नाव काढलं नाही. चौथ्या आठवड्यात, भर बुधवारी दुपारी ताईचाच धाकट्याला फोन आला.

"तो खेळ उघड. आपण दोघंच. मला माझा स्पीड बघायचाय."

"आहे ना पाऊण लावलेला."

"तो तू लावलास, माझी कीव करून. माझा नेमका कितीचा आहे ते मला बघायचंय."

तो तेव्हा एका उंच इमारतीच्या मशीनरूममध्ये डबा उघडून बसला होता. त्याने डबा बाजूला सारला. रिकाम्या जहाजावर दोनच खलाशी उतरले. आधी त्याने पाव लावला.

"ई, हा काय! मुंगीही पुढे जाईल."

अर्ध्यावर ती वायरीच्या डब्यापाशी बरोबर थांबली, पण तिथवर पोचेपर्यंत कंटाळली. पाऊणवर दहातल्या आठ वेळा थांबली. धाकटा प्रत्येक वेळी मोठ्याने मोजत होता. एकवर पाच वेळा.

"आता गोळी घ्यायची वेळ झाली," ती म्हणाली. "पाऊण तासाने पुन्हा करू. ती लागू पडल्यावर वेगळंच असतं."

पाऊण तासाने तिने पुन्हा फोन केला. या खेपेला एकवर नऊ वेळा. तिने आणखी एकदा करून बघितलं आणि चक्क दीड लावायला सांगितला. दीडवर खलाशी सरळ भिंतीत गेला.

"दीड गेला," ताई म्हणाली. धाकट्याने स्पीड पुन्हा एकवर आणला.

"रविवारी चारला खेळायचं तर गोळी सव्वातीनला घ्यायला हवी," मग ती म्हणाली. "डॉक्टरांना विचारते, वेळ अशी सरकवलेली चालते का. चालत असेल तर एकवर खेळू. नाहीतर पाऊण. आणि दादाला सांग, कुरकुर करायची नाही."

"तू सांग. माझं कोण ऐकतंय?"

"बरं, मीच सांगेन. तू जा आता कामाला. मी जरा फिरते इथे. कधी नीट बघितलंच नाही हे जहाज. सारखं आपलं मारलं जायच्या भीतीने पळायचं."

खालून कुणीतरी लिफ्टसाठी दरवाजा बडवत होतं. फोन ठेवून उठता उठता धाकट्याच्या लक्षात आलं, आपण खेळातून बाहेर पडलो तर खेळच बंद पडेल, कारण सूत्रं आपल्याकडे आहेत. त्याने खिडकीच्या कठड्यावर मोबाइल पान्याला टेकवून उभा केला, चार्जर लावला, आणि तो शिडी उतरून खाली गेला. वर छोट्याशा पडद्यावर हिरवा खलाशी स्वयंपाकघरातून निघाला होता, नकाशांच्या खोलीत थांबत, मग डेककडे, सावकाश.