कोहिनूरची यल्लम्मा

"अप्पा, ही कोहिनूरची यल्लम्मा कोण?" सुनेनं टेबलावर फोटो ठेवला.

सुधारानी कडगंचीच्या विद्यापीठात शिकवते. बसवकल्याणातल्या माझ्या बंद पडलेल्या स्टुडिओच्या निगेटिव्हचा डबा मीच तिला प्रदर्शनासाठी दिला होता. प्रत्येक निगेटिव्ह गिऱ्हाइकाचं नाव घातलेल्या पाकिटात. खोट्या नावाचं, जवळच्या कोहिनूर गावच्या यल्लम्माचं, पाकीट एकच होतं, आणि मी ते विसरलो.

फोटोत पाठमोरी बाई. उघडी पाठ, सुटे केस, खिडकीतून तिरपा उजेड. कडा धुकट दिसाव्यात म्हणून लेन्सपुढच्या काचेला बोटानं व्हॅसलिन लावलं होतं, मधली थोडी जागा मात्र स्वच्छ ठेवली होती. पुस्तकात वाचून शिकलो होतो. कला म्हणावी असं मी आयुष्यात काही केलं असेल तर एवढंच, आणि त्याचीही मला खात्री नाही.

ती माझी बायको, कमलम्मा. तेव्हा तीस वर्षांची. फोटो बघून झाल्यावर तिनं एकच मागितलं होतं, की निगेटिव्ह जाळा. संध्याकाळी तिनं विचारलं, "जाळल्या?" मी व्हय म्हणालो. सहातल्या पाच खरंच जाळल्या होत्या.

"काय उजेड धरलाय, अप्पा! मोठा करून लावणार हाय. कोण ही?"

"गिऱ्हाईक."

"गिऱ्हाईक अशी बसती व्हय?" ती हसली.

कमलम्मा चहा घेऊन आली. "कोण बसती?"

फोटो उलटा करायला मी हात उचलला, पण उशीर झाला होता. खोटं नाव सांगितलं, तर ती परक्या बाईचा संशय घेणार. खरं सांगितलं, तर चाळीस वर्षांपूर्वीचं खोटं उघडं पडणार. मला पहिलंच सोपं वाटलं, इतका मी भेकड.

"कोहिनूरची यल्लम्मा," मी म्हणालो.

कमलम्मानं चष्मा पुसला आणि ती वाकली. दंडाआडून गळ्यात घालायच्या इष्टलिंगाची चांदीची डबी डोकावत होती, एका कडेला चेपलेली. काचेवर स्वच्छ ठेवलेल्या जागेत नेमकी तीच आली होती. कमलम्माचा हात पदराआड स्वतःच्या डबीवर गेला.

सुधारानीनं तो हात पाहिला, फोटो पाहिला, आणि ती आत गेली.

कमलम्मानं चहा माझ्यापुढं सरकवला.

"बाकीच्या पाच कुणाच्या नावानं ठेवल्या?"

"जाळल्या. खरंच जाळल्या, कमला."

"तवा बी असंच म्हणला व्हता," ती म्हणाली.